राजीनामा, यजितखत आणि समाधान : तडजोडीच्या कागदाची वाटचाल

गणपतीत आपल्या घरी चार पाने जास्त पडतात. पुण्या-मुंबईहून चुलत भावंडे येतात, सासरी गेलेल्या आत्या येतात. आरती आणि जेवण उरकून मंडळी जरा टेकली की कुणीतरी हळूच विषय काढतो, ‘वाड्याच्या दाव्याचे काय?’ उत्तर बहुधा तीन शब्दांचे असते : ‘अपील पडून आहे.’ मग थोडा वेळ कुणी बोलत नाही, आणि विषय पावसाकडे वळतो.

बडोद्यात पिढ्यान्‌पिढ्या राहिलेल्या मराठी घरांना हा प्रसंग नवा नाही. वाडे बांधले गेले, वाटण्या झाल्या, कुणी आपला हिस्सा विकला, कुणी इसार घेऊन बानाखत करून दिले आणि नंतर माघार घेतली. दावा झाला, खालच्या कोर्टाचा निकाल लागला, हरलेल्याने अपील केले. अशा वेळी कुणी तडजोडीची गोष्ट काढली की घरातला एक तरी माणूस म्हणतो, ‘एवढी वर्षे लढलो ते याचसाठी?’ तडजोड म्हणजे हार, अशी ही समजूत. आपल्याच पूर्वजांच्या न्यायपद्धतीकडे पाहिले तर ही समजूत फार जुनी नाही असे दिसते. त्या काळापासून आजच्या अपिलातल्या ‘समाधाना’पर्यंत तडजोडीच्या कागदाचा प्रवास कसा झाला, तो येथे थोडक्यात मांडतो.

राजीनामा म्हणजे काय होते

आज राजीनामा म्हटले की नोकरी किंवा मंत्रिपद सोडल्याचा कागद डोळ्यांपुढे येतो. शब्दाचा मूळ अर्थ मात्र ‘राजी असल्याचा लेख’ असा आहे. मराठेशाहीत वादी आणि प्रतिवादी निवाड्याला उभे राहण्यापूर्वी असा राजीनामा लिहून देत. अमुक थळी, अमुक सभेपुढे आपला वाद नेण्यास आपण राजी आहोत आणि होईल तो निवाडा मान्य करू, असा त्याचा आशय असे. थळ म्हणजे निवाडा होण्याचे ठिकाण. दोघांनाही जामीन द्यावे लागत. मग तकरिरी, म्हणजे दोन्ही बाजूंची लेखी म्हणणी घेतली जात, कागदपत्रे पाहिली जात, साक्षी होत, आणि काहीच ठरेना तेव्हा दिव्यापर्यंत पाळी येई.

निवाडा करणारी गोतसभा गावची किंवा परगण्याची असे. पाटील, कुलकर्णी, देशमुख, देशपांडे, शेटे-महाजन, बलुतेदार अशी मंडळी तिच्यात बसत. निकालाचा महजर तयार झाला की त्यावर सर्वांची साक्ष पडे. लिहिता न येणारा आपल्या धंद्याची खूण करी, पाटलाची खूण नांगराची. डॉ. वि. त्र्यं. गुणे यांनी मराठ्यांच्या न्यायपद्धतीवर १९५३ साली प्रसिद्ध केलेल्या इंग्रजी ग्रंथात ही सारी रीत मूळ कागदांच्या आधारे उलगडून दाखवली आहे.

यातला आपल्या विषयाशी सर्वांत जवळचा कागद म्हणजे यजितखत. निवाडा विरुद्ध गेला की हरलेल्याने जिंकणाऱ्याला स्वतः लिहून द्यायचे, की आपला दावा खोटा ठरला, यापुढे आपण किंवा आपल्या वंशजांनी या वस्तूवर हक्क सांगू नये. जिंकलेला सरकारात हरकी भरी, हरलेल्याकडून गुन्हेगारी घेतली जाई. म्हणजे राजीपणा दोनदा घेतला जाई, आरंभी राजीनाम्यात आणि अखेरीस यजितखतात. वरून आलेला हुकूम पुरेसा समजला जात नसे. ज्याच्या विरुद्ध निकाल गेला त्याच्या हातचा कागद असेल तरच तंटा मिटला असे मानीत. हरलेल्याला त्याच गावात, त्याच पाणवठ्यावर राहायचे असे, म्हणून त्याचा राजीपणा महत्त्वाचा होता.

या पद्धतीचे गोडवे गाताना तिच्या उणिवाही सांगायला हव्यात. गोतसभेत सर्वांचा शब्द सारख्या वजनाचा नव्हता. जात, वतन आणि वजनदार माणसे यांचा दाब असे. शिवाय निवाड्याला पक्का शेवट नव्हता. हरलेला माणूस परस्थळ मागे, म्हणजे गावाबाहेरच्या त्रयस्थ ठिकाणी वाद नेऊ पाही. वतनाचे तंटे राज्य बदलले की पुन्हा उकरले जात आणि नातवंडांपर्यंत चालत. राजीनामा होता, यजितखत होते, तरी दार कायमचे बंद होत नसे. ही उणीव पुढच्या काळातल्या कायद्याने भरून काढली, पण त्यासाठी जी किंमत मोजावी लागली तीही मोठी होती.

विक्री ही एकट्याची गोष्ट नव्हती

जमीन किंवा वतन विकण्याकडे त्या काळी कसे पाहत, हेही ध्यानात घ्यायला हवे. मिराशी जमीन विकताना पाटील-कुलकर्ण्यांची आणि शेजाऱ्यापाजाऱ्यांची साक्ष घातली जाई. विकणारा का विकतो आहे याचे कारण, म्हणजे दुष्काळ, कर्ज, सरकारदेणे किंवा लग्नकार्य, पुष्कळदा कागदातच लिहिलेले असे. भाऊबंदांना विचारल्याशिवाय विकलेल्या वस्तूवर पुढे तंटा उभा राहणार, हे सगळ्यांना ठाऊक असे. आजही वाड्याच्या विक्रीचे बहुतेक दावे याच जागी अडतात. एकाने सही केली, बाकीच्यांना विचारले नाही.

पंचायत मागे पडली

१८१८ मध्ये पेशवाई संपली. माउंटस्टुअर्ट एल्फिन्स्टन यांनी १८१९ मध्ये जिंकलेल्या मुलखाविषयी जो अहवाल लिहिला, त्यात पंचायतीचे दोष सांगितले आणि तरीही ती टिकवावी असाच कौल दिला. मुंबई इलाख्याच्या १८२७ च्या कायद्यांत लवादाने तंटे तोडण्याची सोय ठेवलेली होती. पण कागदावर राहिलेली पंचायत व्यवहारात लवकरच मागे पडली. तिला हुकूम बजावण्याची ताकद नव्हती, पंचांना वेळेचा मोबदला नव्हता, आणि कोर्टात गेले की शिक्क्याचा हुकूमनामा मिळे.

कोर्टाने सर्वांना सारखा कायदा लावला, ही मोठी गोष्ट झाली. पण कोर्ट कागद पाही, आणि कागद सावकाराच्या घरी लिहिला जाई. जमिनीच्या विक्रीचा सर्वांत अवघड तंटा येथूनच वाढला. कागदावर खरेदीखत, मनात मात्र गहाण. ठरल्या मुदतीत पैसे परत केले तर जमीन परत, नाहीतर खरेदी कायम, असे हे व्यवहार. मुदत टळली की सावकार म्हणे जमीन माझी, कुळ म्हणे मी तर गहाण ठेवली होती. १८७५ मध्ये पुणे जिल्ह्यातल्या सुपे येथे उठाव होऊन सावकारांचे रोखे आणि दप्तरे जाळली गेली, त्यामागे हा संताप होता.

त्यानंतर १८७९ मध्ये दख्खनच्या शेतकऱ्यांसाठी कर्जनिवारणाचा कायदा झाला. तो प्रथम पुणे, सातारा, सोलापूर आणि अहमदनगर या चार जिल्ह्यांना लागू होता. त्यात दाव्यापूर्वी ‘कन्सिलिएटर’ म्हणजे समेट घडवणाऱ्या मध्यस्थाकडे जाण्याची अट होती. समेट झालाच तर तो कोर्टात दाखल होऊन हुकूमनाम्याइतकाच जोरदार होई. त्याच दशकात पुण्याच्या सार्वजनिक सभेने, गणेश वासुदेव जोशी म्हणजे सार्वजनिक काका यांच्या पुढाकाराने, लवाद कोर्टाचा प्रयोग केला. लोकांना समेट हवा होता, पण आता त्यामागे कोर्टाचा शिक्काही हवा होता.

तो शिक्का देण्याची सोय दिवाणी कायद्यात होती. १८५९ च्या पहिल्या दिवाणी संहितेत आपसात मिटलेल्या दाव्यांची दखल घेतलेली होती, १८८२ च्या संहितेत ती कलम ३७५ मध्ये आली, आणि १९०८ च्या संहितेत ऑर्डर २३ चा नियम ३ झाली. आज आपण जिला ‘कन्सेंट डिक्री’ म्हणतो ती याच नियमाखाली होते. राजीपणा पक्षकारांचा आणि अंमल कोर्टाचा, अशी ही जोडणी आहे.

बडोद्याचे थळ

हे सारे घडत असताना बडोदे राज्यात न्यायाची घडी वेगळी बसत होती. सर टी. माधवराव दिवाण झाल्यावर कोर्टांची फेररचना झाली, आणि सयाजीराव महाराजांच्या दीर्घ कारकिर्दीत ती पक्की झाली. येथले कायदे ‘निबंध’ म्हणून ओळखले जात. वरिष्ठ न्यायालयाला लोक वरिष्ठ कोर्ट म्हणत. अब्बास तय्यबजी यांच्यासारखे न्यायाधीश तेथे मुख्य होते. त्याच्यावर हुजूर न्यायसभा, आणि तिच्या सल्ल्याने खुद्द महाराजांचा निर्णय. १९३१ मध्ये निघालेला ‘श्रीसयाजीशासनशब्दकल्पतरु’ हा राज्यकारभाराच्या शब्दांचा अनेक भाषांतला कोश याच परंपरेचे फळ. राज्याच्या भाषेत न्याय कळावा, ही त्यामागची इच्छा.

१ मे १९४९ रोजी बडोदे मुंबई राज्यात विलीन झाले आणि येथल्या दाव्यांना १९०८ ची संहिता लागू झाली. वरची अपिले मुंबई हायकोर्टात जाऊ लागली. १ मे १९६० नंतर ती अहमदाबादला गेली. ज्या घरांनी १९४० च्या सुमारास भांडण सुरू केले, त्यांनी एका पिढीत तीन थळे पाहिली असतील : हुजूर न्यायसभा, मुंबई, अहमदाबाद. सुरसागराजवळच्या न्यायमंदिराच्या पायऱ्या मात्र त्याच राहिल्या. चिमणाबाई महाराणींच्या स्मरणार्थ बांधलेल्या त्या इमारतीत आपल्यापैकी कितीतरी घरांचे आजोबा डबा घेऊन बसलेले असतील. आता कोर्ट नव्या संकुलात गेले आहे, पण तारखा त्याच आहेत.

भाषेचा एक धागाही तुटलेला नाही. बडोद्याच्या कोर्टात आजही ‘समाधान पुरशीस’ दाखल होते आणि महाराष्ट्रात ‘तडजोड पुरसीस’. पुरसीस हा शब्द जुन्या दप्तरातला, विचारून घेतलेला जबाब या अर्थाचा. गुजराती वकील आणि मराठी पक्षकार दोघेही तो आपला समजून वापरतात.

अपिलातले समाधान

आता मूळ प्रश्नाकडे येऊ. निकाल लागून गेल्यावर, अपिलात तडजोड का करावी?

नेहमीचे चित्र असे असते. तीन भावांच्या सामाईक वाड्याचे बानाखत थोरल्याने करून दिले आणि इसार घेतला. धाकट्यांनी नकार दिला. खरेदीदाराने करार प्रत्यक्ष पार पाडून मिळावा म्हणून दावा केला. खालच्या कोर्टाने थोरल्याच्या हिश्श्यापुरता हुकूमनामा दिला. हे कुणालाच पटले नाही. खरेदीदाराला तिसरा हिस्सा नको, सबंध वाडा हवा. थोरल्याला वाटते इसार परत घ्यावा आणि सोडावे. धाकट्यांना वाटते परका माणूस अंगणात येऊ नये. अपील दाखल होते, कधी हुकूमनाम्याला स्थगिती मिळते. घराला ताबेदार आहेत, मालक कुणीच नाही. दुरुस्ती कुणी करायची हे ठरत नाही, पावसाळ्यात कौले सरकतात, मागची भिंत पडते. वाड्यातला गणपती एकाच्या फ्लॅटमध्ये बसू लागतो.

अपिलाच्या पायरीवर एक गोष्ट मात्र दोघांपुढेही असते, आणि ती दाव्याच्या आरंभी नव्हती. एक निकाल लागलेला असतो. आपली बाजू किती पक्की आहे, कोणता साक्षीदार टिकला, कोणता कागद पडला, हे दोघांना कळलेले असते. जिंकलेल्यालाही माहीत असते की पहिल्या अपिलात कोर्ट पुरावा नव्याने तपासू शकते, त्यापुढे कायद्याच्या मोठ्या प्रश्नावर दुसरे अपील होऊ शकते, आणि शेवटी जिंकलो तरी ताब्यासाठी दरखास्त लावायचीच आहे. १८७७ च्या आणि पुढे १९६३ च्या कायद्यात करार पार पाडण्याचा हुकूम देणे न देणे बरेचसे न्यायाधीशाच्या विवेकावर होते. २०१८ च्या दुरुस्तीने ती मोकळीक कमी केली. त्यामुळे ‘कोर्टाला आमची दया येईल’ या आशेवर बसलेल्या विकणाऱ्यालाही आता हिशेब नव्याने मांडावा लागतो.

म्हणून अपिलातली तडजोड म्हणजे दोन माहितगार माणसांनी केलेला सौदा. कधी खरेदीदार वाढीव किंमत देतो आणि सगळे मिळून खरेदीखत करून देतात. कधी इसार व्याजासह परत होतो आणि बानाखत रद्द होते. कधी रस्त्याकडचा भाग खरेदीदाराकडे जातो, मागचा भाग भावांकडे राहतो. निकालात एकच उत्तर मिळते, तडजोडीत मधली उत्तरे निघू शकतात. अपील कोर्टाने तडजोडीप्रमाणे हुकूमनामा केला की खालचा हुकूमनामा त्यात विलीन होतो, आणि पुढे अंमल या नव्या कागदाचाच.

कागद कसा हवा

येथे आपल्या पूर्वजांची उणीव आठवावी. दार बंद झाले नाही, म्हणून तंटे नातवंडांपर्यंत गेले. आजचा कायदा दार बंद करतो, त्यामुळे बंद करण्यापूर्वी कोण आत आणि कोण बाहेर हे नीट पाहायला हवे.

१९७६ च्या दुरुस्तीने ऑर्डर २३ मध्ये दोन मोठे बदल केले. तडजोड लेखी हवी आणि त्यावर पक्षकारांच्या सह्या हव्यात, हा पहिला. तोंडी शब्द, चहावर झालेले ठराव, भावाच्या मोबाईलवरचा निरोप यांना कोर्टात तडजोड म्हणत नाहीत. दुसरा बदल असा की तडजोडीचा हुकूमनामा बेकायदा तडजोडीवर आधारलेला आहे म्हणून तो मोडण्यासाठी नवा दावा आणता येत नाही. संमतीच्या हुकूमनाम्यावर अपीलही चालत नाही, ते कलम ९६ मध्ये आधीपासूनच होते. फसवणूक झाली असेल तर ज्या कोर्टाने हुकूमनामा दिला त्याच कोर्टापुढे जावे लागते. बनवारीलाल (१९९३) आणि पुष्पादेवी भगत (२००६) या खटल्यांत सर्वोच्च न्यायालयाने हे स्पष्ट केले आहे.

वकिलाने पक्षकारातर्फे सही केली तरी चालते, असा सर्वोच्च न्यायालयाचा निर्णय आहे. पण वाड्याच्या प्रश्नात प्रत्येकाने स्वतः सही करावी हे शहाणपणाचे. यजितखत हरलेल्याच्याच हातचे का घेत, त्याचे कारण येथेही लागू पडते.

सगळ्यांत जास्त चूक होते ती बहिणींच्या बाबतीत. वडिलांच्या स्वकष्टाच्या मिळकतीत मुलीला १९५६ पासून हिस्सा आहे, आणि २००५ च्या दुरुस्तीनंतर वडिलोपार्जित एकत्र मिळकतीतही मुलाइतकाच. सासरी गेलेल्या बहिणीला न विचारता केलेली तडजोड म्हणजे गोताला न विचारता केलेली विक्री. अज्ञान वारस असेल तर त्याच्या वतीने तडजोड करायला कोर्टाची परवानगी लागते. अपील चालू असताना कुणी वारले असेल तर त्यांचे वारस आधी कामात यायला हवेत.

नोंदणीचा प्रश्नही विसरू नये. दाव्यातल्याच मिळकतीविषयी संमतीचा हुकूमनामा झाला तर सामान्यतः नोंदणी लागत नाही. दाव्याबाहेरची जमीन किंवा घर त्यात ओढले तर लागते, ही दुरुस्ती १९२९ ची. ज्याचा हक्क आधी नव्हताच त्याला तडजोडीने नवा हक्क दिला तरीही नोंदणी लागते, असे सर्वोच्च न्यायालयाने भूप सिंग खटल्यात (१९९५) सांगितले. गावाकडची शेती आणि शहरातला वाडा एकाच तडजोडीत बसवणाऱ्यांनी ही गोष्ट वकिलाकडून आधीच तपासून घ्यावी. रक्कम, तारीख, ताबा कधी, कर कोण भरणार, चूक झाली तर काय, हे सारे स्पष्ट लिहावे. देवघरातल्या मूर्ती आणि पूजेची पाळी हेही लिहावे. जुन्या वाटणीपत्रांत ते आवर्जून लिहिलेले आढळते.

तक्रारीपासून करारापर्यंत

तडजोडीसाठी आज मार्गही बरेच आहेत. २००२ पासून अमलात आलेल्या कलम ८९ प्रमाणे कोर्ट स्वतः पक्षकारांना मध्यस्थीकडे पाठवू शकते. १९८७ च्या कायद्याखालच्या लोक अदालतीत मिटलेल्या प्रकरणाचा निवाडा दिवाणी हुकूमनाम्यासारखा मानला जातो, त्यावर अपील नाही आणि कोर्ट फी परत मिळण्याची सोय आहे. अपिलात पडलेले प्रकरणही तेथे जाऊ शकते.

या लोक अदालतीचे एक मूळ आपल्याच परिसरात आहे. तेव्हाच्या बडोदा जिल्ह्यातल्या रंगपूर येथे हरिवल्लभ परीख यांनी १९४९ मध्ये आश्रम काढला आणि तेथे आदिवासींच्या तंट्यांची उघडी अदालत चालवली. कायदेपंडित उपेंद्र बक्षी यांनी १९७६ मध्ये तिच्यावर लिहिलेल्या निबंधाच्या नावातच ‘तकरार’पासून ‘करार’पर्यंत असा प्रवास आहे. दोन्ही शब्द आपल्या जुन्या दप्तरात सापडतात.

गोतसभा परत येणार नाही, आणि येऊही नये. पण तिने जपलेली एक रीत आपण उचलू शकतो : ज्यांना पुढे एकाच पंगतीत बसायचे आहे, त्यांच्या राजीपणाशिवाय तंटा संपला असे म्हणायचे नाही. यंदा आरतीनंतर कुणी वाड्याचा विषय काढलाच, तर तो पावसाकडे वळवू नये. अपील कोणत्या कोर्टात आहे, पुढची तारीख कोणती, कोणाकोणाच्या सह्या लागतील, हे एका कागदावर लिहून काढावे. दूरगावच्या आत्यांचे फोन नंबर त्याच कागदावर खाली लिहावेत. सगळे घरात असतात असे दहा दिवस वर्षातून एकदाच येतात.